पुसू नये

सरांनी माझी वही दोन बोटांनी कोपऱ्याला धरली, मेलेला उंदीर धरतात तशी, आणि सगळ्या क्लासला दाखवली.

"हा बघा हिचा काटकोन. चाळीतल्या भिंतीच तिरक्या, यांच्या हातून सरळ काय निघणार?"

पोरं हसली. मीही हसले. घाबरले की मी हसायचे. तेच अजून सलतं.

सातवीत होते. राहायला परळच्या चाळीत, क्लास दादरला. आई सरांच्या घरी पोळ्या लाटायची, म्हणून मला शेवटच्या बाकावर फुकट बसू देत. आठवड्यातून एकदा तरी सर ते सगळ्यांसमोर बोलून दाखवत.

फळ्यावर गणित होतं. सहा, आठ आणि अकरा सेंटीमीटर बाजूंचा काटकोन त्रिकोण काढा. शेजारी चौकटीत 'पुसू नये'. मी सांगितलं तसंच केलं. आठचा पाया. एका टोकावरून सहाचा कंस, दुसऱ्यावरून अकराचा. कंस छेदले तिथे बिंदू. कोन मोजला तर एकशे तीनच्या आसपास. तीनदा काढला, तिन्ही वेळा तोच. बाकीच्यांनी कंपासपेटीतला गुण्या लावून सरळ काटकोन काढला होता आणि तिरक्या बाजूवर अकरा लिहून टाकलं होतं. मोजलं कुणीच नव्हतं. त्या सगळ्यांना बरोबरची खूण.

"उद्या हे खोडून नीट काढून आण," सर म्हणाले. "नाहीतर येऊ नकोस. आणि आईलाही सांग, येऊ नको म्हणून."

बाबा सुतार, रे रोडच्या लाकडाच्या वखारीत. चौकट काटकोनात आहे का, ते दोरीनं बघायचे. एका बाजूला तीन वीत, दुसरीला चार, तर तिरकी बरोबर पाच भरली पाहिजे. दुप्पट घेतलं तर सहा, आठ, दहा. त्यांनी माझ्या तिन्ही बाजूंना पट्टी लावली.

"अकरा खयसून आणल्यान मास्तरान? दहा होये."

आई पीठ मळत होती. तिनं वर बघितलं नाही. "खोडूक काय जाता तुझा?"

मी खोडरबर घेतला. कागदाला टेकवलाही. पण तिन्ही बाजू बरोबर होत्या. खोडायचं काय?

दुसऱ्या दिवशी दादरपर्यंत चालत जाताना दोनदा मागे फिरले. सरांनी पहिलाच प्रश्न मला केला, खोडलंस का? मी उभी राहिले. तिथेच लघवी होईल असं वाटत होतं.

"नाही सर. माझं बरोबर आहे. अकरा घेऊन काटकोन होत नाही. दहा हवेत. मोजून बघा."

कुणी हसलं नाही. पहिल्या बाकावरच्या मुलानं आपल्या वहीवर पट्टी ठेवली, आणि लगेच हातानं वही झाकली. सर फळ्याकडे वळले. मग तळहातानं अकरा पुसलं आणि दहा लिहिलं. 'पुसू नये' तसंच राहिलं.

"आता सगळ्यांनी नीट काढा," ते म्हणाले. मग माझ्याकडे न बघता, "तू बाहेर हो."

संध्याकाळी आईचं काम गेलं. ती बरेच दिवस माझ्याशी बोलली नाही. माझी माफी कुणी मागितली नाही, आईचीही नाही.

आता मी सिव्हिलचा डिप्लोमा करते. साइटवर साहेबांनी आवाज चढवला की अजून त्या दिवसासारखीच भीती वाटते. ही भीती जायची नाही, हे मला कळून चुकलंय. पण घाबरून हसणं मी त्या दिवशी सोडलं. ती वही जपून ठेवली आहे, त्रिकोण आहे तसा आहे. मोजलेलं मी खोडणार नाही. भीती वाटली तर वाटो. सर असोत की साहेब, पट्टी तुमच्या हातात देईन आणि तुम्हालाच मोजायला लावीन.