डबिंगला बघू

आंबवड्याच्या इंद्रजितला गावात कुणी निर्माता म्हणत नाही. म्हणतात, 'चिमाजीचा शूटिंगवाला.' भोरला एका मालिकेचं शूटिंग चाललं होतं, तेव्हा त्यांना बैलगाड्या आणि गर्दीची माणसं पुरवायला हा गेला आणि शेवटी त्यांच्याच टेम्पोत बसून मुंबईला पोचला. पुढं कितीतरी वर्षं त्यानं रोजच्या मालिकांचं प्रॉडक्शन सांभाळलं. कामाला वाघ. नट रुसो की जनरेटर बंद पडो, आजचा भाग वेळेवर गेलाच पाहिजे. आवाज नीट आला नाही? डबिंगला बघू. स्टुडिओत बसवून परत बोलून घेऊ, आत्ता सीन उरका. 'डबिंगला बघू' या दोन शब्दांवर त्याचं अर्धं आयुष्य निभावलं.

मग त्यानं स्वतःचा सिनेमा काढला. त्यात एक म्हातारा शेतकरी होता. त्यासाठी त्यानं नट शोधलाच नाही, आपल्या बापाला, चिमाजीआबांनाच उभं केलं. आबा माणसांशी मोजकं बोलायचे, पण भातखाचरात चिखलणीला औत धरलं की बैलांशी अशा गुजगोष्टी करायचे की ऐकणाऱ्याला वाटावं, आपण बैल झालो असतो तर बरं झालं असतं. "माज्याशी कदी एवढं ग्वाड बोलला न्हाईत," म्हणून चंद्राबाई, इंद्रजितची आई, जन्मभर कुरकुरली. आणि जन्मभर बांधावर बसून तेच ऐकत राहिली, लबाड.

सीन झकास झाला. पण जनरेटर जवळच लावलेला, त्याच्या घरघरीत आबांचा शब्द कळेना. साउंडवाला स्वरूप म्हणाला, "दादा, जनरेटर लांब नेऊ आणि परत घेऊ, थोडा वेळ द्या." ऊन उतरायला लागलं होतं. इंद्रजितच्या तोंडून सवयीनं निघून गेलं, "डबिंगला बघू." जित्याची खोड, दुसरं काय.

त्यानंतर आबा फोनवर दर खेपेला विचारायचे, "इंद्रा, माजा आवाज कवा भरायचा?"

"बोलावतो आबा, आधी एडिटिंग होऊ द्या."

एडिटिंग चालू असतानाच, थंडीत, आबांच्या छातीत कळ आली आणि दवाखाना गाठायच्या आतच सगळं संपलं. मोबाईल काय, घरोघर आहेत. पण सगळ्यांनी आबांचे फोटोच काढलेले. आपल्या माणसाचं बोलणं साठवून ठेवावं, हे कुणाला सुचतं? इंद्रजितनं शूटिंगचा आवाज साफ करायला मुंबईत दिला. जनरेटर पुसायला गेलं की आबाही पुसले जात. शेवटी पुण्याच्या एका नटाकडून आवाज भरून घेतला. नट गुणी, काम चोख झालं. इंद्रजित मात्र स्टुडिओच्या जिन्यात बसून हमसून हमसून रडला.

भोरला सिनेमाचा खेळ ठेवला, तेव्हा आईला आणूच नये असं त्याला फार वाटलं. काचबिंदूनं तिचे दोन्ही डोळे गेलेले. पण ती आदल्या दिवसापासून नवं लुगडं काढून बसलेली. "मला काय दिसायचं न्हाई, पर त्यांचं बोलणं तर ऐकाया मिळंल," असं आख्ख्या आळीला सांगून झालेलं. खरं सांगायला त्यानं दोनदा तोंड उघडलं आणि दोनदा मिटलं.

दुपारी सभागृह गच्च भरलं. पडद्यावर आबा औत धरून आले, तशी आंबवड्याची माणसं पुढं सरकून बसली. बायकांनी डोळ्यांना पदर लावले. चंद्राबाई मान तिरकी करून ऐकत होती. थोड्या वेळानं तिच्या कपाळावर आठी पडली.

"ह्यो कोन रं? ह्याला बैलाशी बोलाया येत न्हाई," ती इंद्रजितच्या कानाशी म्हणाली. "तुजं आबा कवा येत्यात?"

समोर आबा बैलाच्या पाठीवरून हात फिरवत होते.

"येतील, आये," तो म्हणाला.

ती सावरून बसली, पदर नीट केला. सिनेमा संपला. टाळ्या झाल्या, लोक उठून दाराकडं निघाले. इंद्रजितनं तिला उठवायला दंडाला धरलं, तर तिनं त्याचा हात धरून खाली ओढला.

"बस की वाईच. त्ये यायचं हायत अजून."