कयाधूकाठची तोफ

हिंगोलीच्या जुन्या छावणीमागं, कयाधूच्या अंगाला, पाच दगडी चबुतरे होते. कुठल्याशा काळी तिथं गोऱ्या साहेबांचा तोफखाना होता. समुद्रकाठच्या तोफा म्हणे गलबतांवर रोखलेल्या असतात. आमच्या तोफांसमोर उन्हाळ्यात कोरडी पडणारी नदी आणि पलीकडं ज्वारीची रानं. त्या कुणावर डागायच्या होत्या, हे मला कुणीच धड सांगितलं नाही. माझ्या जन्माआधीच पलटण उठून गेली. लोकांनी दारूकोठाराच्या विटा काढून आपापले गोठे बांधले. चार तोफा पलटणीबरोबर गेल्या, पाचवीला चीर पडली होती म्हणून ती तशीच पडून राहिली.

हट्टा गावाहून लग्न होऊन मी आले तोवर त्या तोफेची देवी झालेली होती. दर मंगळवारी बाया तिला करडईचं तेल चोपडायच्या, कुंकू लावायच्या. शेजारच्या पिंजाऱ्याची भाभी तिला हिरवी चिंधी बांधून जायची, त्याचं कुणाला काही वाटत नसे. पोटुशा बाईनं तोफेला पोट टेकवलं की लेकरू तगतं, असा समज होता. एवढ्या मोठ्या आवाजाच्या बाईला काय अवघड आहे, असं सासूबाई म्हणायच्या. तो आवाज त्यांनीही कधी ऐकलेला नव्हता, पण त्यांच्याशी वाद कोण घालणार?

माझी दोन लेकरं पोटातच गेली होती. तिसऱ्या खेपेला सासूबाईंनी सरळ सांगून टाकलं, हेही राहिलं नाही तर पुसेगावची एक पोरगी बघून ठेवली आहे. त्या दुष्ट नव्हत्या. घरात लेकरू हवं, एवढंच त्यांना कळत होतं. मी एकही मंगळवार चुकवला नाही.

सातव्या महिन्यात पोटातली हालचाल थांबली. मी कुणाला बोलले नाही. मंगळवारी तेल घेऊन गेले, पोट टेकवलं. लोखंड उन्हानं तापलं होतं. मला रडू आलं नाही, भीतीही वाटली नाही. घरी येऊन भाकरी थापल्या.

त्याच आठवड्यात मुकादम आला. तिकडं साहेबांच्या मुलखात मोठी लढाई चालली होती आणि जुन्या लोखंडाला मागणी आली होती. तोफ ओढायला दांडगे बैल हवे होते, ते माझ्या नवऱ्याकडं होते. वरून हुकूम आलेला, नाही म्हणायची सोय नव्हती. माझ्या नवऱ्यानंच बैल जुंपले. ओंडक्यांवरून तोफ सरकायला लागली तशा बाया तोंडाला पदर लावून रडायला लागल्या. मी चबुतऱ्यावर बसून नुसती बघत राहिले.

ती गेली आणि पाठोपाठ माझ्या कळा सुरू झाल्या. लेकरू मेलेलंच आलं. तोफ हलली म्हणून लेकरू गेलं, असं सगळ्या गल्लीनं ठरवून टाकलं. सासूबाई मुकादमाच्या नावानं बोटं मोडत राहिल्या, पुसेगावचा विषय मागं पडला. माझ्या नवऱ्याचं मात्र अन्नावरून मन उडालं. बैलांकडं ते बघेनात, वैरणसुद्धा मलाच टाकावी लागे. माझं मन दगड झालं होतं, तरी त्यांचे हाल मला बघवेनात.

एका सकाळी मी गोठ्यात गेले आणि त्यांना सांगितलं, "तोफ जायच्या आधीच लेकरू गेलं होतं. तुमचा काही दोष न्हाई."

त्यांनी हातातलं दावं खुंटीला अडकवलं. मग विचारलं, "अजून कुणाला सांगितलंस?"

"न्हाई."

"सांगू बी नको."

दिवाळीच्या सुमाराला सासूबाईंनी पुन्हा त्या पोरीची गोष्ट काढली. माझ्या अंगात दोष आहे, असं त्या पहिल्यांदाच उघड म्हणाल्या. ते जेवत होते. ताटावरून मान वर न करता बोलले, "तोफ म्या ओढली, माय. लेकरू माझ्या हातानं गेलं. तिला काहून बोलून राहिलीस?"

मी चुलीपुढं बसल्या बसल्या रडायला लागले, इतक्या महिन्यांत पहिल्यांदा. पुढं जन्मभर, कुणीही विचारलं तरी, ते हेच सांगत राहिले.