अपघात गेटच्या आत झाला

ट्रक माझ्या नावावर आहे, चालवतो माझा नवरा. त्या दिवशी मला कागलला माहेरी सोडायचं होतं, म्हणून मीही केबिनमध्ये बसले होते. वाटेत शिरोली एमआयडीसीतल्या एका फौंड्रीत, लोखंड ओतायच्या कारखान्यात, माल भरायचा होता.

आत क्रेन लोखंडी कास्टिंग उचलून गाडीत ठेवत होती आणि युनियनचे हमाल वर उभे राहून ती लावत होते. क्रेन कारखान्याची, चालवणाराही कारखान्याचाच. मधेच साखळी सटकली आणि एका हमालाचा पाय गुडघ्याखाली चिरडला.

सुपरवायझर पळत आला. सावलीत कारखान्याची गाडी उभी होती, ती बोलावेल असं मला वाटलं. पण तो माझ्या नवऱ्याला म्हणाला, "तुमची गाडी पयली गेटच्या भायेर घ्या. त्याला बी तुमच्यातनंच न्या." वाद घालायला वेळ नव्हता. दवाखान्यापर्यंत त्या माणसाचं डोकं माझ्या मांडीवर होतं. पुन्हापुन्हा एकच विचारत होता, "वैनी, पाय ऱ्हाईल न्हवं?"

पाय राहिला नाही.

सुपरवायझरला एवढी घाई का होती, ते काही महिन्यांनी कामगार न्यायालयाची नोटीस आली तेव्हा कळलं. हमालाच्या वतीनं युनियननं नुकसानभरपाईचा दावा लावला होता, आणि लावला होता एकट्या माझ्यावर. अपघात म्हणे गेटबाहेर, रस्त्यावर गाडी भरताना झाला. कारखान्याचं नाव त्यात कुठंच नव्हतं.

हमालांच्या युनियनशी आम्हा गाडीवाल्यांचं भांडण जुनं. ज्याचा माल त्याचा हमाल, हमाली आमच्या माथी मारू नका, असं ओरडत मीही मोर्चात चालले आहे. पण ही भांडणं तोंडावरची होती. हे खोटं होतं. मी तडक युनियनच्या ऑफिसात गेले.

तिथला पुढारी शांतपणे म्हणाला, "कारखान्याचं नाव घातलं तर ते उद्याच आमची हमालांची टोळी बंद करतील. लई घरं चालत्यात तिच्यावर. तुमच्या गाडीचा विमा हाय की."

"म्हणून खोटं लिहायचं?"

"वैनी, कोर्टात सगळीच लिव्हत्यात."

माझा वकीलही त्याच माळेतला निघाला. "हमाल दारू प्यायलेला होता, असं सांगा. सुटाल," म्हणाला. मी म्हटलं, "तो प्यायलेला नव्हता. मी त्याच्याजवळच बसले होते." त्यावर तो हसला. "बाई, तुम्हाला केस जिंकायची आहे का नाही?" मी वकील बदलला. घरी आले तरी अंगाची आग होत होती. पाय गेलेल्या माणसाला वर दारुडा ठरवायचं, आणि ज्यांच्या क्रेननं पाय नेला त्यांनी दाराआड बसून गंमत बघायची.

साक्षीच्या दिवशी तो हमाल कुबड्या घेऊन कोर्टाच्या व्हरांड्यात बसला होता, शेजारी त्याची बायको. त्यानं मान वर केली नाही. मी समोर जाऊन उभी राहिले. म्हटलं, "तुम्ही प्यायला होता म्हणून सांगा, असं मला शिकवलेलं. मी न्हाय सांगणार. तुम्ही काय सांगणार, तुमचं तुम्ही बघा."

बायको त्याच्याकडे वळली. "आत झालं ते आत झालं म्हणा की. टोळीतनं तर तुम्हाला काढलंच हाय. आता कुणाला भ्यायचं?"

आत गेल्यावर युनियनच्या वकिलानं अपघात कुठे झाला ते विचारलं. हमालानं कुबड्या कठड्याला टेकवल्या. मग म्हणाला, "कारखान्यात. क्रेनची साखळी सटकली. ह्या बाईंनीच मला दवाखान्यात न्हेलं."

वकिलाचा चेहरा उतरला. न्यायाधीशांनी विचारलं, "मग कारखाना या दाव्यात का नाही?" त्या खोलीत इतके शिकलेले लोक होते, सगळे कागद चाळू लागले.

पुढं कारखान्याला दाव्यात ओढलं गेलं. त्यांचा वकील प्रत्येक वेळी पुढची तारीख मागायचा आणि त्याला ती मिळायची. शेवटी भरपाईची जबाबदारी कारखान्यावर आली, मला मोकळं केलं. कारखाना लगेच अपिलात गेला.

टोळी बंद झाली नाही. पुढाऱ्याची भीती फुकटचीच होती. आम्हाला मात्र शिरोलीत कुणी माल देईना. आता हंगामात बिद्रीच्या साखर कारखान्यातून साखर भरतो, एरवी मिळेल ते भाडं. त्या हमालाची बायको एका खानावळीत भाकऱ्या थापते. मी भेटायला जाते तेव्हा तो दारात बसलेला असतो, आत या म्हणतो, चहा ठेवायला लावतो.

लोक मला म्हणतात, न्याय मिळाला की, आता सोडा. कारखान्यातला एकही माणूस अजून त्याच्या दारात गेलेला नाही. मी कशी सोडू?