सावली शिवण्याची विद्या

शाळेतून फोन आला तेव्हा मी ऑफिसात होतो, दुपारचं जेवण नुकतंच झालं होतं. मुख्याध्यापिका स्वतः बोलत होत्या, एकेक शब्द तोलून. "तुमची मुलगी सुखरूप आहे. पण तुम्ही आत्ता येऊ शकाल का?"

बायको तिच्या वडिलांच्या ऑपरेशनसाठी नागपूरला गेली होती. तिला काही न कळवता मी गाडी काढली. टेक्सासमधल्या आमच्या फ्रिस्को गावाच्या त्या रुंद, सरळ रस्त्यांवर त्या दिवशी मला प्रत्येक सिग्नल लाल लागला.

खोलीत तिघं होती. मुख्याध्यापिका, शाळेच्या समुपदेशक बाई, आणि कमरेला पिस्तूल लावलेला शाळेचा पोलीस अधिकारी. मुलगी बाहेर, काचेपलीकडे बसली होती. तेरा वर्षांची. स्वेटशर्टच्या बाह्या तिने बोटांवरून खाली ओढल्या होत्या. माझ्याकडे तिने बघितलं नाही.

टेबलावर तिच्या वहीच्या एका पानाची फोटोकॉपी होती. पानाच्या कडेने एकच नाव इंग्रजीत सात वेळा लिहिलेलं. तिच्या सगळ्यात जवळच्या मैत्रिणीचं. त्याच्या शेजारी सुई आणि रक्ताचे थेंब काढले होते. बाकी मजकूर देवनागरीत.

"वर्गातल्या एका मुलीने हे बघितलं आणि घाबरून आमच्याकडे आणलं," अधिकारी म्हणाला. "हे काय आहे विचारलं, तर तुमची मुलगी म्हणते, सांगायची परवानगी नाही. आम्ही अनुवादकाला कळवलं आहे, पण तो उद्याच येईल. तुम्ही वाचू शकता?"

ती दोन वर्षं एक जग रचत होती, हे मला माहीत होतं. जेवताना ती थोडंथोडं सांगायची. तिथे दोन सूर्य होते, म्हणून प्रत्येक माणसाला दोन सावल्या. त्या जगातल्या मंत्रांसाठी तिने मराठी निवडली होती, कारण रविवारच्या मराठी वर्गातल्या सातआठ मुलांखेरीज ती तिच्या वयाच्या कुणाला वाचता येत नव्हती. तिथे एक विद्या बंद होती, एवढंही मी ऐकलं होतं. कोणती, ते मी कधी विचारलं नव्हतं.

मी पान उचललं आणि आधी मनात वाचलं.

"मी माझी दुसरी सावली तुझ्या सावलीला शिवते. सुई बोटातून जाते. रक्त आला तरी मी थांबत नाही. आता तू कुठे जाऊ शकणार नाहीस."

रक्त 'आला'. ती चूक मी पुन्हा एकदा वाचली. पण समोर तिघं माझ्या तोंडाकडे बघत होती. सुईच्या जागी दोरा म्हणावं, रक्ताची ओळ गाळावी, असं मनात येऊन गेलं. कुणाला कळणार होतं? मग उद्या येणाऱ्या अनुवादकाची आठवण झाली, आणि काचेपलीकडच्या मुलीचीही. खोटं पकडलं गेलं असतं तर ते तिच्याच अंगावर शेकलं असतं.

मी ओळ न ओळ इंग्रजीत सांगितली. अधिकारी लिहून घेत होता. 'रक्त' म्हटल्यावर त्याचं पेन क्षणभर थांबलं.

"कुठे जाऊ शकणार नाही म्हणजे काय?" समुपदेशक बाईंनी विचारलं.

मी सांगितलं की त्या मैत्रिणीच्या वडिलांची नोकरी गेली आहे. व्हिसाच्या नियमाने नवी नोकरी शोधायला साठ दिवस मिळतात, ती मिळाली नाही. दोन आठवड्यांनी ते पुण्याला परत चालले आहेत. सांगतासांगता मलाच ते पान पहिल्यांदा नीट कळत होतं.

शेवटचं वाक्य अर्धवट होतं. "शिवलेली माणसं हळूहळू..." आणि पान संपलं.

"पुढचं पान कुठे आहे?"

"आम्ही एवढंच कॉपी केलं," मुख्याध्यापिका म्हणाल्या.

"मला वही द्या."

माझा आवाज चढला असावा, कारण अधिकाऱ्याने मान वर केली. पण त्यानेच कपाटातून वही काढून माझ्यापुढे ठेवली. मी पान उलटलं. पुढे काय असेल, याची मला खरंच खात्री नव्हती.

"...मुकी होतात. त्यांना हसता येत नाही. म्हणून राणीने ही विद्या बंद केली. मला येते. पण मी तिला शिवणार नाही."

मी ते दोनदा सांगितलं. समुपदेशक बाईंनी चष्मा काढला. अधिकाऱ्याने आणखी काही प्रश्न विचारले, घरात हत्यार आहे का वगैरे, आणि शेवटी म्हणाला, "घेऊन जा तिला." नियमाप्रमाणे मैत्रिणीच्या घरी कळवावं लागणार होतं. मी करतो फोन, म्हणालो.

मैत्रिणीच्या आईने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "आमची काल रिकाम्या बॅगेत जाऊन बसली होती. उठेचना. मी रागावले तिला." आणि तिला रडू फुटलं.

मुलगी गाडीत बसल्यावर पहिलं वाक्य बोलली, "तू त्यांना वाचून का दाखवलंस?"

"दाखवलं नसतं तर त्यांनी तुला सोडलं नसतं."

"दॅट वॉज नॉट युवर्स, बाबा."

मी गाडी सुरू केली. नंतर बरेच दिवस ती माझ्याशी कामापुरतंच बोलली.

मैत्रिणीच्या कुटुंबाला विमानतळावर मीच सोडलं. दोघी मागच्या सीटवर एकाच फोनवर काहीतरी बघत होत्या. आत जाताना त्यांनी एकमेकींना मिठीही धड मारली नाही. मैत्रीण दारातून वळली, हात वर केला, आणि गर्दीत मिसळली.

परतताना मुलगी खिडकीकडे तोंड करून रडायला लागली. हायवेवरून घराकडे वळायचा आमचा एक्झिट आला. मी तो सोडला आणि सरळ उत्तरेकडे गाडी चालवत राहिलो. घरं विरळ होत गेली, मग नुसती मोकळी शेतं लागली. बऱ्याच वेळाने तिने बाहीने नाक पुसलं.

"आपण कुठे चाललोय?"

"माहीत नाही."

"मला भूक लागलीय," ती म्हणाली. मी पुढच्या गॅस स्टेशनवर गाडी वळवली.