लोडशेडिंगमधलं बॅडमिंटन

रोज संध्याकाळी दोन तास लाइट गेली की माणसांकडे किस्से आपोआप साठतात. निदान आमच्या बदलापूरच्या बिल्डिंगीत तरी साठले. देवापुढे दिवा लावायचा, खाली उतरायचं आणि दिसेनासं होईपर्यंत बॅडमिंटन खेळायचं. खेळणाऱ्या आम्ही तिघी, आणि तिघींचंही लक्ष भलतीकडेच!

*

माझी संकष्टी होती. चंद्र उगवायला बराच अवकाश, तरी नजर वर. शटल येऊन नाकावर बसलं. जया म्हणाली, "वहिनी, इसको अर्घ्य मत देना." जयाचं माहेर उल्हासनगर कॅम्प एकचं, सिंधी. तिची मस्करी नेहमी हिंदीतच.

*

एकदा कुकर सारखा शिट्ट्या देत होता. "किसका कुकर है, कोई देखता क्यों नहीं?" जया खेळता खेळता करवादली. तिचाच होता. त्या रात्री तिच्या घरी आमच्याकडची आमटी गेली.

*

आमच्यातल्या तिसऱ्या नंदाताई. त्या फाटकाकडे तोंड करून उभ्या राहायच्या. शटल पायाशी पडलं तरी त्यांना कळायचं नाही. जया तेव्हा नवीन होती. म्हणाली, "गेट पे कौन आनेवाला है, ताई?"

"राहुल," नंदाताई म्हणाल्या. "माझा मुलगा."

बारावीत नापास झाला, वडील बोलले, आणि तो पायातल्या चपलेनिशी निघून गेला. त्याला दोन वर्षं झाली होती. मध्ये एकदाच एसटीडीवरून फोन आला, "बरा आहे." तो गेल्यापासून माझी संकष्टी राहुलच्या नावाची आहे. हे मी नंदाताईंना सांगितलेलं नाही.

*

एके दिवशी पाठीला सॅक लावलेला कुणीतरी फाटकातून आत आला. नंदाताई रॅकेट हातात घेऊनच धावल्या. वॉटर फिल्टर विकणारा सेल्समन निघाला. त्यांनी त्याला वर नेऊन पाणी दिलं, पोहे दिले. फिल्टर घेतला नाही, फक्त विचारलं, "आईला फोन करतोस ना रे?"

*

गेल्या महिन्यात नंदाताई खाली आल्या आणि म्हणाल्या, "वहिनी, आज बाजू बदलू या का?" त्या फाटकाकडे पाठ करून उभ्या राहिल्या. त्या दिवशी त्यांनी एकही शटल सोडलं नाही. आम्ही दोघी मिळून हरलो. जया टाळ्या वाजवायला गेली आणि मध्येच थांबली.

आता त्या रोज त्याच बाजूला असतात. फाटक माझ्यासमोर आलंय.

परवा जया हळूच म्हणाली, "वहिनी, शटल इधर गिरा है."