रेकॉर्डमधला श्वास

कराडच्या स्टँडमागं टेप आणि ॲम्प्लिफायर दुरुस्त करणाऱ्या चाचांकडं परवा मी चौथा हेलपाटा घातला. कामाचं विचारलं की ते एका जुन्या विलायती रॉक बँडची रेकॉर्ड काढतात आणि ती कशी तयार झाली ते सांगत बसतात.

"लय गुणी माणसं. गाण्याआधी गायकानं श्वास घेतलाय, त्यो पुसला न्हाई त्यांनी. तसाच ठेवला."

"आवं चाचा, माझा ॲम्प्लिफायर कवा देणार?" मी वैतागून विचारलं.

त्यांनी हेडफोन माझ्याच कानांवर चढवला, सुई ठेवली आणि माझ्या तोंडाकडं बघत राहिले.

"आला का श्वास? मला वर्षभर ऐकूच येईना झालाय."

रेकॉर्डच्या खरखरीत मलाही काही कळलं नव्हतं.

"परत लावा," मी म्हणालो.