डाव्या चाकाचा ब्रेक

१४ जून २०२४ रोजी नील हार्गेटने पदरचे दोन हजार एकशे चाळीस युरो भरून टायरचा नवा संच घेतला. टीमच्या मालकाने त्याला स्पष्टच बजावले होते, रविवारच्या शर्यतीत पहिल्या दहांत आलास तर पुढच्या वर्षी गाडी तुझी, नाहीतर दुसरा ड्रायव्हर बघू.

नील त्रेचाळीस वर्षांचा. जन्म इंग्लंडमधल्या डर्बीचा, वडील बस डेपोत मेकॅनिक. टूरिंग कार, म्हणजे रस्त्यावरच्यासारख्याच पण शर्यतीसाठी बदललेल्या गाड्या, तो एकोणिसाव्या वर्षापासून पळवत होता. इंग्लंडात दोन शर्यती जिंकला. तिथले प्रायोजक आटले, तसा जर्मनीत स्टुटगार्टला आला. आठवडाभर ब्रेक तपासण्याची नोकरी आणि सुट्टीला शर्यत. इथेच त्याने पुण्याच्या निशिगंधाशी लग्न केले. चार वर्षांपूर्वी त्याची गाडी भिंतीवर आदळली. घोटा जुळला, पण चाल लंगडी राहिली.

तेव्हापासून त्याच्या सासूबाईंनी, शैलाताईंनी, शर्यतीची धास्तीच घेतली. टीव्हीवर शर्यत लागली की त्या स्वयंपाकघरात जाऊन बसत. या खेपेला मात्र लेकीने त्यांना ट्रॅकवर नेलेच.

शर्यतीआधी सगळ्यांची पाठ फिरल्यावर शैलाताईंनी पिशवीतून लिंबू-मिरची काढली. बाहेर लटकवली तर कोणी काढून टाकेल, म्हणून पुढच्या बंपरमधल्या एका गोल भोकात पार आत सरकवली.

"जावईबापू, सांभाळून हं."

"येतो, आई," नील म्हणाला. 'जातो' म्हणायचे नाही, हे त्याला त्यांनीच शिकवले होते.

नवव्या फेरीला नील आठवा होता. तेवढ्यात गॅरेजमध्ये पडद्यासमोर बसलेला मयुरेश, टीमचा सांगलीकर इंजिनिअर, एकदम पुढे वाकला.

"डावा ब्रेक तापतोय. उजवा ठीक आहे. आल्झो, हे काय नवीन!" मधूनच जर्मन शब्द टाकायची त्याला सवय होती.

"तापला तर काय होतं रे?" मागे लेकीबरोबर बसलेल्या शैलाताईंनी विचारले.

"लागत नाही, काकू. बंपरमधून एक पाइप जातो, त्यातल्या वाऱ्याने ब्रेक थंड राहतो. तो तुंबला असणार."

शैलाताईंनी खुर्ची त्याच्याजवळ ओढली. "ते गोल भोक?"

"गेनाऊ, अगदी तेच. का?"

बोलावे तर जावयाची गाडी जाणार, चारचौघांत लेकीची शोभा होणार. न बोलावे तर सरळ रस्त्याच्या टोकाची भिंत त्यांना बसल्या जागेवरून दिसत होती.

"त्यात मी लिंबू-मिरची घातलीय."

"आई!" निशिगंधा किंचाळली.

मयुरेशने माइक ओढून नीलला ताबडतोब आत बोलावले. अजून अर्धी फेरी बाकी होती. शैलाताईंनी डोळे मिटले, तर प्रत्येक गाडीचा आवाज अंगावर आल्यासारखा वाटू लागला. उघडले, तेव्हा नीलची गाडी धूर ओकत गॅरेजकडे येत होती. ती थांबायच्या रेषेवर थांबली नाही. दोन मेकॅनिकांनी बाजूला उड्या मारल्या, मग कुठे ती थांबली.

पाइप उपसताच भाजलेल्या मिरचीचा असा ठसका उठला, की अख्खे गॅरेज खोकू लागले. नीलने हेल्मेट काढले.

"आई," तो मोडक्या मराठीत म्हणाला, "नेक्स्ट टाइम माझ्या खिशात."

शैलाताईंना हसू आले नाही. त्या त्याचा हात घट्ट धरून बसल्या.

ती नेक्स्ट टाइम आली नाही. पाइप बदलून नील पुन्हा ट्रॅकवर गेला आणि एकोणिसावा आला. पुढच्या वर्षी गाडी दुसऱ्याला मिळाली. नील आता नवख्यांना गाडी चालवायला शिकवतो. शैलाताई अजून फोन वाजला की दचकतात.

जळलेल्या पाइपचे साडेअठरा युरो टीमने शैलाताईंच्या नावावर टाकले. ते अजून द्यायचे आहेत.